घासलेटच्या डब्यातला रेडिओ

परवा टीव्हीवर चार टगे टेबलाभोवती बसून बातम्यांच्या वाहिन्यांची टर उडवत होते, आणि मला आमचा लालबागच्या चाळीतला रेडिओ आठवला. संयुक्त महाराष्ट्राचे ते दिवस. नाक्यावर गोळीबार, हवेत अश्रुधूर असा की गॅलरीतल्या कबुतरांनीही डोळ्यांना पदर लावावा. आणि खऱ्या रेडिओवर एक बाई मधाळ गळ्याने सांगायची, मुंबईत सर्वत्र शांतता आहे. मग आम्ही तिघे दोस्त गॅलरीत बैठक मांडायचो. मी घासलेटच्या रिकाम्या डब्यात तोंड घालून बातम्या द्यायचो आणि बाकीचे दोघे तज्ज्ञ व्हायचे. "पोलिसांनी गोळ्या झाडल्या म्हणतात, खरं का?" "छे हो, डास मारत होते." चाळ अशी हसायची की घोडपदेवपर्यंत फळीवरची भांडी खाली यायची. एका संध्याकाळी मात्र मोर्च्याला गेलेला शेजारचा गिरणीकामगार परतला नव्हता. हॉस्पिटलात नव्हता, चौकीतही नव्हता. त्याची बायको येऊन माझ्या डब्यासमोर बसली. "झिला, तुझ्या रेडिओवर तरी सांग, माझो घोव घराक येता म्हणान." मी डब्यात तोंड घातलं आणि सांगितलं. कोणी हसलं नाही. "परत सांग," ती म्हणाली. घसा बसेपर्यंत मी तेच सांगत राहिलो. तो कधीच आला नाही. मी जन्माचा थापाड्या. तो दारात येऊन उभा राहिला, असा शेवट आजवर कितीदा जोडून पाहिला, पण तेवढी एक थाप तोंडातून निघत नाही.