नवव्या रकान्यातलं स्लाइटली

इंग्रजीतल्या एका शब्दावर माझा राग आहे. खरं म्हणजे राग माझ्यावरच आहे, पण स्वतःवर रोज उठून रागावणं जमत नाही, म्हणून मी तो शब्दावर काढते. शब्द आहे स्लाइटली. डिक्शनरीत बघाल तर साधा सरळ अर्थ दिलाय: किंचित, थोडंसं, जरासं. असल्या गरीब चेहऱ्याच्या शब्दानं कुणाचं काही वाकडं होईल, असं कुणाला वाटणारही नाही.

आठवीत आमच्या इंग्रजीच्या बाईंनी फळ्यावर एक शिडी काढली होती. सगळ्यात खालच्या पायरीवर स्लाइटली, मग फेअरली, मग क्वाइट, व्हेरी, आणि टोकाला एक्स्ट्रीमली. बाई म्हणाल्या, नुसतं दमलो म्हणून भागत नाही, शिडीवर कुठल्या पायरीवर उभे आहात ते सांगा. फेअरली आणि क्वाइट यांत नेमका फरक काय, हे मला तेव्हा कळलं नव्हतं आणि आज इंग्रजी लिहूनच पोट भरते तरी छातीठोकपणे सांगता येणार नाही. स्लाइटली मात्र लगेच आवडला. आपल्याकडे 'जरा' आहे, पण तो भलताच बिलंदर. 'जरा इकडे ये' म्हणतो तेव्हा त्यात थोडं-फार काहीच नसतं, आणि 'जरा जास्तच झालं' म्हणतो तेव्हा बरंच जास्त झालेलं असतं. 'किंचित' पुस्तकाच्या बाहेर पडत नाही. स्लाइटली कसा इस्त्री केलेला वाटायचा. दुखतंय असंही म्हणतो आणि काळजीचं कारण नाही असंही म्हणतो.

आम्ही मूळचे लातूरकडचे. पप्पा पिंपरीला आले, एका कंपनीच्या प्रेस शॉपमध्ये, पत्र्यातून पार्ट ठोकून काढणाऱ्या धडधडत्या मशीनवर, ऑपरेटर म्हणून लागले आणि आम्ही कामगारांच्या वसाहतीत दोन खोल्यांत वाढलो. आमच्या लाइनीत इंग्रजी शाळेत जाणारी मी एकटी. त्यामुळे लाइनीतले सगळे फॉर्म माझ्याकडे यायचे. पप्पांच्या कंपनीत वर्षातून एकदा हेल्थ चेकअप असायचा आणि त्याच्या आधी घरी एक दोन पानी इंग्रजी फॉर्म यायचा. त्या आठवड्यात संध्याकाळी माणसं प्लास्टिकच्या पिशवीत फॉर्म घालून दाराशी रांग लावायची. आई चहा टाकून टाकून वैतागायची. मी कॉटवर मांडी घालून, मांडीवर पाट घेऊन, डॉक्टरिणीसारखी विचारत बसायची.

"काका, गुडघे दुखतात का?"

"दुखत्यात की. पण लिवू नको."

"मग काय, खोटं लिहू?"

"खोटं कशाला? जरा दुखत्यात असं लिव."

माझ्याकडे त्यासाठी तयार शब्द होताच. गुडघे, स्लाइटली. दम लागणं, स्लाइटली. चक्कर, स्लाइटली. दारूच्या रकान्यात मात्र ऑकेजनली, आणि तो रकाना मी अशा एका काकांसाठीही तसाच भरला होता, ज्यांना दर शनिवारी दोघं जण धरून घरी आणायचे. सगळे खूश असायचे. माणूस खोटारडा ठरत नव्हता आणि आजारीही ठरत नव्हता. पोरगी हुशार आहे, असं जो तो म्हणायचा, आणि पप्पा दारात उभं राहून ऐकायचे.

नववा रकाना कानाचा होता. ऐकायला त्रास होतो का? तिथं नुसतं हो लिहिलं तर त्या माणसाला कानाच्या तपासणीला पाठवत. तपासणीत ऐकणं कमी निघालं की त्याला प्रेस शॉपमधून काढून स्टोअरला टाकत. स्टोअर म्हणजे शांत जागा, माल मोजायचा, चिठ्ठ्या फाडायच्या. नोकरी जात नसे. हे मुद्दाम सांगते, कारण पुढे स्वतःची समजूत घालताना मी नोकरी जाण्याची भीती त्यात कितीदा तरी घुसडली आहे. जायचा तो फक्त ओव्हरटाइम. स्टोअरला ओव्हरटाइम नव्हता.

पहिली काही वर्षं मी पप्पांच्या नवव्या रकान्यात स्लाइटली लिहिलं ते खरंही असेल. मी लहान होते, ती वर्षं मी स्वतःला माफ करून टाकली आहेत. त्यानंतरच्या वर्षांचं काय करायचं ते कळत नाही. ताथवड्याच्या इंजिनीअरिंग कॉलेजात मी शिकत होते तोवर घरातला टीव्ही इतका मोठा लागायचा की मैत्रिणीचा फोन आला की मला संडासाच्या लाइनीपर्यंत चालत जावं लागायचं. आई हाक मारायची सोडून पप्पांच्या खांद्यालाच हात लावायची. रविवारी आम्ही विहारात जायचो. वंदना सगळे एका सुरात म्हणतात, त्यात पप्पांचा आवाज एकटा पुढं पळायचा. बाकीचे अजून 'शरणं'वर असायचे आणि पप्पांचं 'गच्छामि' होऊन गेलेलं असायचं. पोरं हसायची. मी खाली मान घालायची. त्यांना बाकीच्यांचे आवाज ऐकूच येत नव्हते, आणि हे माझ्याइतकं नीट कुणालाच ठाऊक नव्हतं.

मी थर्ड इयरला होते तेव्हाचा फॉर्म मला जसाच्या तसा आठवतो. विहारातून आलो होतो. पप्पांनी फॉर्म माझ्यापुढं ठेवला, पण नेहमीसारखे दारात जाऊन उभे राहिले नाहीत. समोर बसले.

"यंदा खरं लिवावं का?" ते म्हणाले. "आडवं पडलं की कानात शिट्टी वाजायलीय. स्टोअरला टाकले तर टाकले. लई वर्सं झाली प्रेसवर."

माणूस स्वतःहून म्हणत होता. मला फक्त एक शब्द लिहायचा होता आणि बाईंच्या त्या शिडीवर पप्पा तेव्हा व्हेरीच्याही वर चढलेले होते. पण माझं कॉलेज त्यांच्या ओव्हरटाइमवर चाललं होतं. आणि मला लॅपटॉप हवा होता. वर्गात तिघीचौघींकडेच नव्हता, त्यांतली मी एक.

मी मोठ्यानं, त्यांना ऐकू जाईल असं म्हणाले, "पप्पा, जरासंच तर आहे. एवढ्यासाठी कुठं स्टोअरला जाता?"

त्यांनी माझ्याकडे बघितलं. माझ्यावर त्यांचा डॉक्टरापेक्षा जास्त विश्वास होता. शिकलेली पोरगी म्हणतेय म्हणजे जरासंच असणार. "तू म्हंतीस तर तसं," म्हणाले आणि उठून गेले. मी स्लाइटली लिहिलं. अक्षर छान आलं होतं.

लॅपटॉप दिवाळीच्या आधी आला.

पप्पांबरोबर त्याच लाइनवर चऱ्होलीचे एक मामा होते. जुन्या गावातले, घरची शेती असलेले, गमत्या स्वभावाचे. ते आमच्याकडे फॉर्म आणत नसत, त्यांच्या मुलाकडून भरून घेत. मुलाचं इंग्रजी यथातथाच. त्याच वर्षी त्यानं नवव्या रकान्यात, विचारलेला प्रश्न बाजूला ठेवून, फादर नॉट हिअरिंग असं मोठ्या अक्षरात ठोकून दिलं. मामांची तपासणी झाली, महिन्याभरात ते स्टोअरला गेले. प्रेस शॉपमध्ये त्यांची फार चेष्टा झाली. पप्पा घरी येऊन हसत हसत सांगायचे की पोराच्या इंग्रजीपायी बापाचा ओव्हरटाइम गेला. मीही हसायची.

पुढं कंपनी चाकणला गेली. पप्पा आणखी आठ वर्षं कंपनीच्या बसनं चाकणला जात राहिले आणि प्रेसवरच राहिले. कानात घालायचे बोळे मिळायचे, पण ते घातले की डायचा, म्हणजे पत्रा कापणाऱ्या साच्याचा, बदललेला आवाज कळत नाही म्हणून ते खिशातच ठेवायचे. दर वर्षी फॉर्म आला, दर वर्षी मी भरला. माझं लग्न झालं, मी दुसऱ्या घरी गेले, तरी फॉर्म घेऊन ते माझ्याकडे यायचे. नंतर नंतर विचारायचेही नाहीत. स्वतःच नवव्या रकान्यावर बोट ठेवून म्हणायचे, "हितं स्लाइटली." कारखान्याबाहेरचा त्यांना येणारा तो एवढाच इंग्रजी शब्द होता आणि तो त्यांना मी शिकवला होता.

मी आता चाकणमध्येच एका कंपनीत क्वालिटीची कागदपत्रं बघते. दिवसभर इंग्रजी लिहायचं. ग्राहकाकडून माल परत आला की रिपोर्टमध्ये भोक मोठं झालं असं कुणी लिहीत नाही, स्लाइटली मोठं झालं असं लिहितात. या पट्ट्यात सगळीकडे ही रीत आहे. सगळ्या चुका खालच्या पायरीवर बसवायच्या. एकदा मी पप्पांना गमतीनं हे सांगितलं होतं, त्यांना अजून थोडंफार ऐकू यायचं तेव्हा. त्यांना अजिबात गंमत वाटली नाही. ते म्हणाले, भोक तपासायच्या गेजला दोन तोंडं असतात. एक भोकात गेलं पाहिजे, दुसरं जाता कामा नये. दुसरं गेलं की पार्ट रिजेक्ट, त्यात स्लाइटली कुठून आलं? आयुष्यभर ते असे पार्ट लाल डब्यात टाकत आले होते. स्वतःच्या कानाला मात्र त्यांनी माझं गेज लावलं.

पप्पा रिटायर झाले त्याला दोन वर्षं झाली. गेल्या महिन्यात आई गावाला गेली असताना चऱ्होलीचे मामा पप्पांकडे आले होते. बराच वेळ बेल वाजवून शेवटी त्यांनी मला फोन केला. मी ऑफिसातून निघून माझ्याकडच्या चावीनं कुलूप उघडेपर्यंत पप्पा आत कॉटवर पेपर वाचत बसलेले होते. मामांशी त्यांच्या गप्पा म्हणजे मामा बोलणार आणि पप्पा भलत्याच गोष्टीवर हो म्हणणार. निघताना मामा दारात थांबले.

"पोरी, दाखव गं त्याला कुटंतरी. लई झालंय हे." मग हसले. "मला बग, फोनवर बोलतोय, नातीची गाणी ऐकतोय. आमचं येडं इंग्रजीत ढ व्हतं म्हनून वाचलो. न्हाई तर आमीबी आसंच बसलो आसतो."

ते सहज बोलले. मला टोचावं असं त्यांच्या मनात नव्हतं, त्यांना यातलं काही माहीतच नाही. मी जिन्यापर्यंत त्यांना सोडायला गेले आणि परत यायला मला बराच वेळ लागला.

त्याच आठवड्यात मी पप्पांना चिंचवडला कानाच्या दवाखान्यात नेलं. तिथं काचेची एक बंद खोली होती. तपासणाऱ्या मुलीनं त्यांच्या कानांवर हेडफोन चढवले, हातात बटण दिलं आणि आवाज आला की दाबायचं, असं खुणेनं समजावलं. मी काचेबाहेर उभी होते. मुलगी मशीनचा काटा वाढवत होती. प्रत्येक आवाजाला एक दिवा लागत होता आणि विझत होता. पप्पांचा अंगठा बटणावर तयार होता आणि ते माझ्याकडे बघून हसत होते. तपासणी अजून सुरूच व्हायचीय असं त्यांना वाटत होतं. दिवा लागून विझून जाई आणि ते शहाण्या मुलासारखे वाट बघत बसत.

बाहेर आल्यावर त्या मुलीनं फॉर्म पुढं ओढला आणि मोठ्यानं विचारलं, "काका, त्रास किती वर्षांपासून आहे?"

पप्पांना प्रश्न ऐकू आला नाही. पण समोर फॉर्म होता, पोरीच्या हातात पेन होतं, आणि अशा वेळी काय सांगायचं ते त्यांना चांगलं पाठ होतं. ताठ बसून, अगदी स्वच्छ उच्चारात ते म्हणाले, "स्लाइटली."

मुलीनं माझ्याकडे बघितलं. मग फॉर्म माझ्याकडे सरकवला. "मॅडम, तुम्हीच भरा. दोन्ही कान, सिव्हिअर. कानाला मशीन लावून थोडाफार फरक पडेल. गेलेलं मात्र परत येत नाही."

मी पेन घेतलं. किती वर्षांपासून, या रकान्यात मी थर्ड इयरला होते ते साल लिहिलं. त्याच्या पुढच्या रकान्यात सिव्हिअर लिहिलं. अक्षर चांगलं आलं नाही.

पप्पा वाकून बघत होते. "काय लिवलंस?"

मी सांगितलं. ओरडूनच सांगितलं असणार, कारण बाकावर बसलेली माणसं वळून बघायला लागली. पप्पा माझ्या ओठांकडे बघत राहिले. त्यांना काही कळलं नाही. मग त्यांचा चेहरा सैल झाला आणि त्यांनी माझ्या हातावर थोपटलं.

"तेच ना? नेहमीचंच?"

मी हो म्हणून मान हलवली.