एकोणीस नंबरची फुली

आमच्या ह्यांना खोटं बोलता येत नाही. बोलायला गेले की कान लाल होतात. एरवी मी त्यावरून ह्यांची भरपूर खेचते. पण त्या दिवशी कोर्टात मागच्या बाकावर बसून मला त्या कानांकडे बघवेना.

हे गोदामात हमाल. नंबर एकोणीस. बावीस वर्षं पाठीवर पोती. मालकाने पोती सरकवणारं यंत्र आणलं आणि एका सकाळी फाटकच बंद. वर म्हणे, "हे आमचे कामगार नाहीतच, रस्त्यावरून कोणीही येतं." चोराच्या उलट्या बोंबा! मग चाळीस हमाल कोर्टात गेले, आमचं काम काढून घेऊ देऊ नका म्हणून. पुरावा एकच, हजेरीची वही. तीत आपापल्या नंबरापुढे रोज एक फुली.

सगळी गोम तिथेच होती. हमालांची रीत अशी की कोणी आजारी पडला तर त्याची पोती बाकीच्यांनी वाहायची आणि फुलीही मारायची. नाहीतर मुकादम त्याच्या जागी नवा माणूस घेणार. ह्यांची कंबर धरली तेव्हा हे दीड महिना दवाखान्यात, आणि वहीत एकही खाडा नाही! फुल्या मारल्या ह्यांच्या जोडीदाराने, त्याला सगळे उंट म्हणतात. एक फुली खोटी निघाली की वही खोटी, आणि चाळीस घरं उघड्यावर.

"अहो, विचारलंच तर आठवत नाही म्हणा," मी दहादा बजावलं होतं.

मालकाच्या वकिलाने दवाखान्याचा कागदच पुढे केला. "या दिवशी कामावर होतात?"

कान लाल झाले. म्हटलं, आता 'आठवत नाही' म्हणणार.

"नव्हतो, साहेब," हे म्हणाले. मेलं ते खरं बोलणं! "माझी पोती ह्या लोकांनी वाहिली. मी रस्त्यावरचा कोणीही असतो, तर दीड महिना माझी जागा कोणी कशाला धरली असती?"

न्यायाधीशबाई बराच वेळ लिहीत होत्या. मग म्हणाल्या, निकाल लागेपर्यंत चाळीसही जणांना कामावर घ्या. पण यापुढे ज्याची फुली त्यानेच मारायची. दुसऱ्याने मारलेली एक जरी सापडली, तर हा हुकूम रद्द. उंटाने ह्यांना तिथेच मिठी मारली. मला मात्र भीती वाटली, ती आजतागायत गेलेली नाही.

अकराव्या दिवशी सकाळी हे अंथरुणातून उठेनात. कंबर पुन्हा धरली होती. नेहमीप्रमाणे उंट बोलवायला आला. पूर्वी दारातूनच ओरडायचा, "पड तू, मी बघतो!" आज आत डोकावला, ह्यांना बघितलं आणि मान खाली घालून उभा राहिला.

"वहिनी, पट्टा बांधा त्याला," एवढंच बोलला.

दोघांनी ह्यांना उभं केलं. मी कमरेचा पट्टा आवळला.

"फार दुखतंय का हो?"

"छे! अजिबात नाही," हे म्हणाले.

कान लालभडक झाले होते.