धनजच्या विहारात आलेल्या सहा गाई

लग्नानंतर माझं सामान धनजला आलं तेव्हा त्यात एक पत्र्याची पेटी होती. सासरच्या बायकांना वाटलं, पातेली निघतील, साड्या निघतील. निघाले ते आफ्रिकेतल्या लेखकांचे इंग्रजी कथासंग्रह. अमरावतीला एम.ए. करताना रद्दीच्या दुकानातून एकेक करत जमवलेले. कुठला नायजेरियाचा, कुठला घानाचा, केनियाचा, बोत्स्वानाचा. कुणाची पाठ निघालेली, कुणावर चहाचे डाग. "येवढ्या इंग्रजीचं काय करतं वं तू?" असं एका चुलत नणंदेनं विचारलं. "वाचते," मी म्हटलं, आणि त्याच दिवशी माझ्या नावापुढे आगाऊ लागलं.

मला हे संग्रह इतके का आवडत, ते सांगायलाच हवं. कॉलेजात माझ्या 'मले-तुले'ला पोरी तोंडावर हसायच्या. मग मराठी सुधारून घेतली, इंग्रजी तर जपून, पायाखाली काच असल्यासारखी बोलायची. आणि हे लेखक बघा! त्यांनी आपले बाजार, आपली भांडणं, आपल्या खाण्याच्या पदार्थांची नावं जशीच्या तशी त्या इंग्रजीत ओतली होती. खाली टीप नाही, माफी नाही. इंग्रजीला त्यांनी आपल्या अंगणात बसवून घेतलं होतं, आणि ती मुकाट्यानं बसली होती. वाचताना मला एकटीला टाळ्या वाजवाव्याशा वाटत.

दुसरं कारण साधं होतं. कादंबरी घेतली की घरचं काम बोंबलतं. कथा मात्र भाकरी होईस्तोवर संपते.

भाकरी सासूबाई थापायच्या, मी चुलीपाशी बसून भाजायची आणि गुडघ्यावर पुस्तक. एकदा मला हसू आवरेना तेव्हा त्या म्हणाल्या, "येकटीच काय हासून राह्यली? मले बी सांग ना." त्यांना वाचता येत नाही. मी कथा सांगितली, आमच्याच बोलीत. शहरातून सुटीवर आलेला पोरगा गावात बडेजाव मारतो आणि शेवटी आजोबांची बकरी त्याचा सूट खाते, अशी काहीतरी होती. सासूबाई इतक्या हसल्या की एक भाकर करपली. तेव्हापासून रोज स्वयंपाकाला एक कथा ठरून गेली.

ती कथा तिथंच थांबत असेल असं मला वाटे. एक दिवस शेजारचा वावरवाला तक्रार घेऊन आला. त्याच्या सोयाबीनमध्ये निंदण चाललं होतं. निंदायला बायका ओळीनं बसतात, प्रत्येकीची आपली पात असते, आणि जिचा हात चपळ ती पुढं निघून जाते. "तुमच्या सासूनं काय जादू केली?" तो म्हणाला. "कोनीच पुढं जाऊन नाई राह्यलं. साऱ्या येका रांगेत सरकून राह्यल्या."

जादू वगैरे काही नव्हती. सासूबाई मधल्या पातीवर बसून आफ्रिका सांगत होत्या, आणि जी पुढं जाईल तिची गोष्ट बुडत होती!

मग बायका संध्याकाळी आमच्याकडे येऊ लागल्या. सासूबाईंचं ऐकलं, आता बुकातून ऐकायचं. ओसरी पुरेना. दाटीवाटीत एकीचा पाय विळ्यावर पडता पडता वाचला, तेव्हा मी म्हटलं, विहारात बसू.

पावसाळ्यात, वर्षावासाच्या महिन्यांत, आमच्या विहारात रोज संध्याकाळी धम्मग्रंथाचं वाचन असतं. पांढऱ्या लुगड्यातल्या बायका, धुतलेल्या कपड्यातले बापे, सगळे सतरंजीवर बसून ऐकतात. वाचणारे म्हणजे आमचे गुरुजी, शाळेतून निवृत्त झालेले, विहार समितीचे अध्यक्ष. ते वाचत असताना कुणी खोकलं तरी चष्म्यावरून बघतात. ग्रंथानंतर गोष्टी वाचू द्या, म्हणून मी त्यांना विचारायला गेले.

"विहार म्हंजे गोष्टीचा फड नाई, सूनबाई."

"गुरुजी, शिका म्हनून आपनच सांगतो ना? मी शिकली. आता शिकलेलं कोठी नेऊ?"

मला असं बोलायला नको होतं, असं घरी सगळे म्हणाले. पण मला राग आला की तोंड माझ्या ताब्यात राहत नाही. आणि राग उगाच नव्हता. कारंज्याच्या ज्युनियर कॉलेजात मी तासिकेवर शिकवायची, ते तास त्या वर्षी बंद झाले होते. एम.ए.ची राहिलेली कमाई म्हणजे ती पेटी. विहारातून लोक कंटाळून उठून गेले असते, तर मी पेटीला कुलूप लावून ती माळ्यावर टाकणार होते. मनाशी पक्कं केलं होतं.

गुरुजींनी मला चष्म्यावरून एकदा नीट बघून घेतलं. मग म्हणाले, "येक दिवस देतो. पन ग्रंथाले जसे शांत बसते तसेच बसाले पाह्यजे. कलकल झाली का बंद. मंग पुन्हा इचारू नोका."

कथा कोणती वाचायची ते बायकांनीच ठरवलं. "ते गाईवाली वाच," सगळ्या एका सुरात म्हणाल्या. निंदणात तीच सगळ्यात गाजली होती. मीही खूश, कारण ती मलाही फार आवडायची. आदल्या दिवशी बसून मी ती कथा वऱ्हाडीत उतरवून काढली आणि कागद पुस्तकातच ठेवले.

त्या संध्याकाळी विहार गच्च भरला. ग्रंथाचं वाचन झालं. गुरुजींनी ग्रंथ कापडात गुंडाळला, उठून माझ्यासाठी जागा केली आणि भिंतीपाशी जाऊन बसले. मी पुस्तक घेऊन पुढं जाऊन बसले. मी पहिलंच वाक्य वाचलं: जावयानं तिच्या बापाच्या गोठ्यात सहा गाई आणून बांधल्या, तेव्हा लग्न ठरलं.

"उलटं वाचलं वं!" मागून आवाज आला.

मी पुन्हा वाचलं. जावयानं बापाला गाई दिल्या.

"अवं बापानं जवायाले देल्या ना! आंदन म्हनून!"

"असं कसं? तुया सासूनं तं बरोबर सांगतलं होतं!"

बघता बघता अख्खा विहार बोलायला लागला. पुस्तक माझ्या हातात, आणि चूक काढणार माझी! तेव्हा मला उलगडलं की वावरात कथा नुसती पोचली नव्हती, फिरून पोचली होती. सासूबाईंच्या कथेत गाई बापानं लेकीला आंदण दिल्या होत्या. नवरा मारू लागला तेव्हा लेकीनं त्याच्या गोठ्यातून साऱ्या गाई सोडल्या आणि हाकत हाकत माहेरी आणल्या. गावच्या बायकांनी या लेकीला डोक्यावर घेतलं होतं.

मी सासूबाईंकडे पाहिलं. त्यांना काहीच वाटत नव्हतं. "पोरीचा बाप देते का पोराचा?" त्या भर विहारात म्हणाल्या. "पोरीचाच देते ना! मले वाटलं बुकात चुकलं, म्हून म्या दुरुस्त केलं."

गुरुजी उभे राहिले. वाचन बंद करायला त्यांनी हात वर केला. माझी कथा पहिल्या वाक्यावरच मेली होती, आणि पेटी माळ्यावर जाताना मला दिसायला लागली. माझं डोकं फिरलं.

"चूप बसा!" मी ओरडले. "बुकात जे हाये ते आयका आधी. मंग लागन तेवढं भांडा!"

विहारात असं कुणी ओरडलं नव्हतं. गुरुजींचा हात हवेत तसाच राहिला. त्या शांततेचा फायदा घेऊन मी वाचत सुटले, श्वास घ्यायलाही थांबले नाही.

तिकडच्या रीतीप्रमाणे जावई गाई देतो, बाप घेतो. लेक मार खाऊन माहेरी येते. बाप म्हणतो, तू परत आलीस तर मला गाई परत द्याव्या लागतील. काही गाई तुझ्या भावाच्या लग्नात गेल्या, एक मेली. मी कुठून आणू? जा नवऱ्याकडे. लेक जाते. मग ती मडकी घडवते, बाजारात विकते, एक गाय घेते आणि मावशीकडे ठेवते. पुन्हा मडकी, पुन्हा गाय. वर्षं जातात. एका सकाळी ती सहा गाई हाकत नवऱ्याच्या दारात आणते, खुंट्याला बांधते, "मोजून घे" म्हणते आणि निघते. ती कुठं जाते ते लेखिकेनं सांगितलेलं नाही.

मी कागद पुस्तकात ठेवून ते मिटलं. कुणी हललं नाही. मला वाटलं, आवडली नाही. मग दाराजवळून एक बारीक आवाज आला. गुरुजींची बायको. माझ्या लग्नाला इतकी वर्षं झाली, पण विहारात त्या माउलीचा आवाज मी ऐकला नव्हता.

"गाई इकून तिकडं गेल्या काय अन् तिकून इकडं आल्या काय," त्या म्हणाल्या, "पोरीले कोनं इचारलं?"

गुरुजींनी मान वळवून बायकोकडे पाहिलं. वर केलेला हात त्यांनी केव्हा खाली घेतला ते मला दिसलं नाही. बायकोच्या शेजारची म्हातारी मात्र तिथंच हात जोडून मोठ्यानं म्हणाली, "साधू!" वाचन संपलं की 'उत्तम झालं' अशा अर्थानं आम्ही तीनदा म्हणतो, ते ग्रंथासाठी असतं. सवयीनं तिच्या तोंडून निघालं असेल. पण तिच्यामागून अख्खा विहार म्हणाला, "साधू! साधू!" बापेसुद्धा. समुद्रापलीकडच्या कुठल्या तरी बाईनं लिहिलेली कथा, मडकी विकणाऱ्या पोरीची, आणि तिला धनजनं साधू म्हटलं होतं! मला रडू आलं, आणि मी ते लपवलं नाही.

गुरुजी माझ्यापुढं येऊन उभे राहिले. "कलकल झाली, सूनबाई. अट मोडली."

मी पुस्तक उचलून उठायला लागले.

"म्हून आता नवीन अट," ते सगळ्यांकडे बघत म्हणाले. "उद्यापासून ग्रंथ झाला का गोष्ट. गोष्ट झाली का भांडन. येकात येक नाई पाह्यजे." आणि मग माझ्या हातातून पुस्तक घेऊन त्यांनी ते उलटसुलट करून पाहिलं. "हे बुक घरी नेऊ नोका. इथल्या कपाटात ठिवा. तुमची सासू रातीतून तिसरीच गोष्ट करन."

सगळा विहार हसला, सासूबाई सगळ्यात जोरात. कपाटाची किल्ली गुरुजींनी माझ्या हातात दिली.

घरी येताना चिखलातून चालत सासूबाई मला म्हणाल्या, "तुया बुकातली पोट्टी गाई देऊन सुटली. माईवाली गाई घिऊन सुटली. कोनती बरी?"

"तुमची," मी म्हटलं. खरंच तसं वाटलं म्हणून म्हटलं.

"नाई वं," त्या म्हणाल्या. "माईवालीले बापाच्या घरी जा लागलं. तुयावालीले कोनाच्याच घरी जा नाई लागलं."

दुसऱ्या दिवशी आम्ही दोघींनी पेटीच्या दोन्ही कड्या धरल्या आणि ती भर दुपारी, गावाच्या मधल्या रस्त्यानं, विहारात नेऊन कपाटात रिकामी केली.