समोआत अजून आजच

साडेचारचा चहा आला की दादा ब्रश डब्यात उभा करून ठेवत, शाईचा हात बनियनला पुसत आणि पहिल्या घोटाआधी जाहीर करत, "घ्या भिया, टोंगात उद्या लागला." मग दुसऱ्या घोटानंतर, जरा हळू आवाजात, "आणि समोआत आत्ता कुठे आज लागलाय."

आमच्या मिलच्या पॅकिंग खात्यात हे वाक्य भोंग्याइतकंच नेमाचं होतं. मी तिथे नवा कारकून. मला वाटलं, गृहस्थाला ऊन लागलेलं दिसतंय. तेव्हा त्यांनी मला बाकावर बसवून समजावलं. टोंगा आणि समोआ ही प्रशांत महासागरातली बेटं, तशी शेजारी शेजारी. पण तारीख बदलण्याची रेघ दोघांच्या मधून जाते. इंदूरला साडेचार वाजतात तेव्हा दोन्हीकडे रात्रीचे बारा वाजलेले असतात. घड्याळ एकच, तारखेत मात्र अख्ख्या दिवसाचा फरक.

"मतलब बघा ना भिया," ते म्हणाले, "आपला आजचा दिवस कितीही खराब जाऊ दे, समोआत तो कोराच्या कोरा पडलाय. घडीसुद्धा मोडलेली नाही त्याची."

त्यांचं काम कापडाच्या गाठींवर नावं घालण्याचं. अक्षरं कापलेला पत्रा गाठीवर धरायचा आणि वरून काळ्या शाईचा ब्रश फिरवायचा. तरुणपणी एकदा त्यांच्या हातात 'सुवा' असं कापलेला पत्रा आला. सुवा कुठे आलं, असं त्यांनी बड्या बाबूंना विचारलं. बाबू म्हणाले, "होगा अफ्रीका में, तू माल भर." दुसऱ्या कुणाचं समाधान झालं असतं. यांनी खजुरी बाजारातून जगाचा नकाशा आणला. सुवा सापडलं ते कागदाच्या पार काठाला, फिजी नावाच्या देशात. आणि त्या देशाचा एक तुकडा उजव्या काठाला, तर दुसरा थेट डाव्या काठाला पडलेला.

तुम्हीही भिंतीवरचा नकाशा पाहिला असेल. मधोमध युरोप-आफ्रिका असतात, त्यामुळे प्रशांत महासागर कापला जाऊन दोन काठांना पडतो. आपल्याला त्याचं काही वाटत नाही. यांना वाटलं. "असा समुद्र फाडतात का कुणी, यार? लोकं राहतात तिथं!" त्यांनी तसाच दुसरा नकाशा विकत आणला, दोघांचे काठ कापले आणि मिलमधल्या खळीने भिंतीवर चिकटवून समुद्र पुन्हा जोडला. जोड सुटू नये म्हणून मागून आपल्याच मिलच्या लट्ठ्याची, म्हणजे जाड सुती कापडाची, वीतभर रुंद पट्टी लावली. पुढची कितीतरी वर्षं पॅकिंग खात्याच्या भिंतीवर इंदूरला कडेला सारून तो निळा समुद्र पसरलेला होता.

दुपारच्या सुट्टीत यंत्रं थांबली की हवेत रुई तरंगत राहायची. ते गाठींमधून वाट काढत हिंडायचे आणि आपण ऐकतोय की नाही याची फिकीर न करता बोलायचे. कसली होकायंत्रं नसताना ती माणसं होड्या घेऊन हजारो मैल कशी गेली. किरिबातीची बेटं कशी पाण्यापेक्षा जेमतेम हातभर उंच. नाउरूचं खत खणून नेलं आणि मध्ये नुसते दगड उरले. हे सगळं ते वाचनालयातल्या जुन्या मासिकांतून गोळा करत. मला त्या वेळी झोप यायची, आणि खरं सांगतो, तशी झोप मला नंतर कधी लागली नाही.

मार्शल बेटांवर त्यांचा विशेष जीव. तिथले दर्यावर्दी काड्या बांधून लाटांचा नकाशा करत आणि त्यात बेटांच्या जागी शिंपले अडकवत. यांनी खराट्याच्या काड्या आणि चिंचोके घेऊन तसाच एक बनवला होता. "पण गंमत ऐका, निघताना तो नकाशा घरीच ठेवायचे ते. पाठ असायचा ना!"

स्वतः मात्र त्यांनी समुद्र पाहिला नव्हता. घर छत्रीबागेत, आणि जास्तीत जास्त प्रवास खंडव्याच्या लग्नापर्यंत. जावयाने एकदा मुंबईला समुद्र बघायला बोलावलं, तर म्हणाले, "नको. तो चुकीच्या बाजूचा आहे."

मग मिल बंद झाली. एका दुपारी फाटकावर कागद लागला आणि सगळ्यांना घरी जायला सांगितलं. आमच्या खात्याला कुलूप घालायचं काम माझ्याकडे आलं. ते दारात उभे होते. शाईचा हात बनियनला पुसत त्यांनी विचारलं, "भिया, नकाशा उतरवून घेऊ का? शिडी लावली की पाचच मिनिटं."

मी म्हणालो, "राहू द्या हो दादा. आठ-पंधरा दिवसांत परत यायचंच आहे आपल्याला."

हे मी त्यांना फसवायला म्हणालो नाही. माझा स्वेटर, छत्री, जेवणाचा डबासुद्धा मी खणातच ठेवला होता. आम्ही सगळ्यांनीच काही ना काही मागे ठेवलं होतं. सामान घरी नेणं म्हणजे मिल संपली असं कबूल करणं, आणि तो अपशकुन कुणालाच करायचा नव्हता. मी कुलूप लावलं. आठवडाभराने त्यावर सील लागलं.

पुढे गावात टेलिफोनची बूथं निघाली, थंड पेयांची दुकानं निघाली, आणि त्यांच्या पाट्या दादा रंगवू लागले. मी एका ट्रान्सपोर्टच्या ऑफिसात लागलो. तरी साडेचारला बंद फाटकासमोरच्या चहाच्या गुमटीवर आम्ही जुने पाच-सहाजण जमायचो, आणि टोंगात उद्या लागायचा. एकदा सांचेखात्यातला, मागांवरचा एकजण भडकला, "भाड में गया तुझा टोंगा! इथं पोरीचं लग्न मोडलं आज!" ते उठून त्याच्याजवळ गेले. मग त्याच्या हातात आपला कप देत म्हणाले, "टोंगा राहू दे रे. समोआत अजून मोडलेलं नाही." तो माणूस कप धरून रडला. आम्ही दुसरीकडे बघत राहिलो.

माझ्या मनात मात्र तो नकाशा सलत होता. एकदा धीर करून मी माफी मागितली. ते हसले, "मार्शलवाले घरीच ठेवायचे ना, भिया. पाठ आहे मला."

पण पाठ राहिला नाही. वय झालं, नावं निसटू लागली. एका संध्याकाळी मी त्यांच्या घरी गेलो तर त्यांनी माझं मनगट धरलं. "एक सांगा. फिजीचे दोन तुकडे मी नीट जुळवले होते ना? की वर-खाली झाले? रोज डोळे मिटून बघतो, पण जोडाशी आलं की दिसत नाही."

"एकदम बरोबर जुळले होते, दादा."

त्यांनी हात सोडला. "तुम्ही कधी बघितलंच नव्हतं, भिया," ते म्हणाले. रागावून नाही, अगदी मायेने. आणि ते खरं होतं. मी त्या भिंतीला टेकून वर्षानुवर्षं झोपा काढल्या होत्या.

त्या हिवाळ्यात ते गेले. मिल पाडायला घेतली ती त्यानंतर. मुकादमाची परवानगी काढून मी आत शिरलो. छप्पर उडालेलं होतं. कागदाला हात लावला की त्याचा भुगा होत होता. पण जोडामागचा लट्ठा टिकला होता, आणि त्याला धरून वीतभर समुद्रही. मी तो सोलून घेतला आणि उजेडात धरला. फिजीचे दोन्ही तुकडे केसाचाही फरक न पडता जुळले होते. मी तिथेच विटांवर बसलो. सांगायला कुणी नव्हतं.

बऱ्याच वर्षांनी पेपरात कोपऱ्यात बातमी आली. व्यापाराला सोयीचं म्हणून समोआने रेघेची बाजू बदलली होती. लोक एकोणतीस डिसेंबरला झोपले आणि उठले ते एकतीसला. म्हणजे दादांचा तो कोरा आज आता तिथे उरला नव्हता. मी घाईने पट्टी काढली, भिंग घेतलं. समोआला लागून एक धाकटी समोआ आहे, अमेरिकेच्या ताब्यातली. ती रेघेच्या जुन्या बाजूलाच होती.

आता साडेचार वाजले की मी त्या ठिपक्यावर बोट ठेवतो. तिथे आज आत्ता लागलेला असतो, कुलूप अजून लागायचं असतं. ते खात्याच्या दारात उभे असतात, हात बनियनला पुसत विचारतात, "भिया, नकाशा उतरवून घेऊ का?"

"उतरवा, दादा," मी म्हणतो. "शिडी मी धरतो."