उलटरावांची चार मिनिटं

उलटरावांना पहिल्यांदा भेटणाऱ्या माणसाला आधी एक पिवळी छत्री दिसे. मग छत्रीखालचं नाक. ते नाक थंडीने इतकं लाल झालेलं असे, की ते बघून स्टेशनासमोर एकदा दोन मोटारी सिग्नल समजून थांबल्या होत्या, असं त्यांच्या ऑफिसातले लोक शपथेवर सांगत. नाकामागून यायचा हात. तो समोरच्याचा हात धरून असा काही हलवायचा, की पाहुण्याच्या खिशातल्या किल्ल्या वाजत, चष्मा घसरे आणि शेजारी उभ्या असलेल्या त्याच्या बायकोलाही आपण हललो असं वाटे. एवढं झालं की "चला, मंडळी!" म्हणून हा गृहस्थ पाहुण्यांकडे तोंड करून चक्क उलटा चालायला लागे.

मागच्या मागे, छत्री उंच धरून, तोंडाने शहराचा इतिहास सांगत. मागे ट्राम, सायकली, दिव्याचे खांब, आणि हे आपले समोर बघून हसतायत. एखाद्या बाईंच्या तोंडून किंकाळी निघे, "अहो, खांब!" उलटराव न थांबता वीतभर डावीकडे सरकत आणि म्हणत, "हा खांब एकशे दहा वर्षांचा आहे. याला अजून कोणी धडकलेलं नाही."

उत्तरेकडच्या त्या शहरात नदीवरून असा वारा येई, की पुढे तोंड करून बोललेला शब्द मागच्या माणसाला मिळतच नसे. ऑफिसची जाहिरात तर म्हणायची, 'आठच माणसं, एकच गाइड, शहर अगदी घरच्यासारखं.' आठव्या माणसालाही ऐकू गेलं पाहिजे म्हणून उलटराव पहिल्याच आठवड्यात उलटे फिरले, आणि सव्वीस वर्षांत सरळ झाले नाहीत. त्यांच्या पाठीला त्या रस्त्याचा दगडन् दगड पाठ होता. नाव पडलं ते असं.

टूर दहाला निघे आणि अकराला घड्याळाच्या चौकात पोचे. तिथल्या मनोऱ्यातून दर तासाला एक लाकडी कोंबडा बाहेर येई, पंख हलवी आणि आत जाई. जाहिरातीत फोटो त्याचाच होता. पण कोंबड्याचं वय झालं होतं. अकराला यायचा तो कधी अकरा वाजून चार मिनिटांनी येई, कधी सात. एकदा अर्धाच बाहेर येऊन संध्याकाळपर्यंत चौकाकडे बघत बसला होता. उलटरावांनी नगरपालिकेला नऊ अर्ज केले. नऊ वेळा 'आपला अर्ज मिळाला' असं उत्तर आलं.

घरात बसलेल्याला चार मिनिटं म्हणजे काहीच नाही. पण त्या वाऱ्यात मान वर करून उभं राहा म्हणजे कळेल. पहिल्या मिनिटाला लोक कोंबड्याच्या दाराकडे बघतात, दुसऱ्या मिनिटाला मनगटाकडे, तिसऱ्याला गाइडकडे. चौथ्या मिनिटाला कोणीतरी विचारतं, "इथे कॉफी कुठे मिळते हो?" आणि एकदा का कॉफी निघाली, की ती आठ माणसं पुन्हा एकत्र येत नाहीत.

चौकाच्या समोरच्या बाजूला, तळमजल्यावर, उलटरावांच्या ताईची खोली होती. ताई म्हणजे सख्खी, आठ वर्षांनी मोठी. तिने शर्टाच्या कारखान्यात एकतीस वर्षं काजं केली. निवृत्त झाल्यावरही ती दोन शिंप्यांच्या कोटांची काजं घरी आणून हाताने करायची. खोलीचं छत गळायचं, दार खालून घासायचं, पण खिडकी दक्षिणेला होती. हिवाळ्यात त्या शहरात दहा ते दोन एवढाच काय तो उजेड, आणि तो सगळाच्या सगळा ताईच्या मांडीवर पडायचा. काळ्या कापडावरचा काळा दोरा तिला बल्बखाली आता दिसत नसे. म्हणून खुर्ची खिडकीत, सुया खिडकीत, चहाचा कप खिडकीत.

एका सकाळी कोंबड्याने सहावं मिनिट ओलांडलं आणि ग्रुपमधला एक दातांचा डॉक्टर कॉफीच्या दिशेने सरकायला लागला. उलटरावांची नजर खिडकीवर गेली. ताई मान खाली घालून शिवत होती. त्यांनी छत्री फिरवली.

"मंडळी, त्या खिडकीतल्या बाई बघा. बोट दाखवू नका."

आठ बोटं वर झाली.

"चाळीस वर्षं त्या तिथे बसतात. नवरा बोटीवर कप्तान होता. जाताना म्हणाला, अकराच्या ठोक्याला चौकात येतो. आला नाही. तेव्हापासून हे घड्याळ मुद्दाम उशिरा वाजतं. शहराला वाटतं, त्याला थोडा वेळ द्यावा."

त्याच क्षणी कोंबडा बाहेर आला. दोन बायका रडल्या. दातांचा डॉक्टर परत आला.

टूर संपल्यावर चहाला बसून उलटरावांनी सगळं ताईला सांगितलं. ती इतकी हसली की सुई हरवली.

"कप्तान? अरे मेल्या, तुझे भाऊजी प्लंबर होते! बोटीच्या नुसत्या चित्राने त्यांना मळमळायचं."

"ते काय मला माहीत नाही?"

"आणि उशीर? त्या माणसाला? सव्वासहा म्हणजे सव्वासहाला दारात. गेलेसुद्धा कसे, जेवण करून, ताट उचलून." ताईने डोळे पुसले. "पण कप्तान बरा वाटतो हं, धाकट्या. टोपी होती का त्याला?"

"उद्यापासून देतो."

इथेच दोघांचं चुकलं. गोष्ट तिथे संपवायची, तर भावाने टोपी दिली आणि बहिणीने उसासा. अकरा वाजले की ताई सुई खाली ठेवून चौकाकडे बघायची आणि खांदे वर-खाली करायची. पुढे तिने खिडकीत एक कंदीलही ठेवला.

"जरा कमी उसासे टाक," उलटराव म्हणाले. "काचेवर वाफ धरते. लोकांना चेहरा दिसत नाही."

"चाळीस वर्षं थांबलेय, वाफ नको धरायला?"

दोन वर्षांत ती गोष्ट ऑफिसच्या पत्रकात छापून आली. मग लोक टूर न घेताच यायला लागले. काचेला नाकं लावू लागले. एकाने दार ठोठावून कप्तानाला आपण दुसऱ्या बंदरात बघितल्याचं सांगितलं आणि ताईला कसं सावरावं याचा विचार करत दारातच ताटकळला. सगळ्यात वाईट म्हणजे काचेबाहेर माणसं उभी राहिली की उजेड अडे. चार तासांच्या उजेडातले दोन तास ताई लोकांच्या सावलीत बसू लागली. एका कोटाची काजं उलटी झाली. पण भावाचं काम चाललंय, म्हणून ती बोलली नाही.

मग घरमालक आला. अठरा वर्षं गळणारं छत बघायला जो वरच्या मजल्यावरून खाली उतरला नव्हता, तो मोजपट्टी घेऊन उतरला. उलटराव नेमके चहाला बसले होते.

"ताई, तुमची खोली आता साधी खोली राहिली नाही," तो म्हणाला.

"अहो, ते छत..."

"गळू दे. जुनं वाटतं. इथे बघायची जागा करतोय मी, तिकीट लावून. 'कप्तानाच्या पत्नीची खोली.' तीन महिन्यांत मोकळी करा."

"मोकळी करू? अहो, पण ती बाई मीच ना?"

"ती कप्तानाची बायको. तुम्ही प्लंबरच्या." मालकाने खिडकीची रुंदी मोजली. "घरातले नळ त्यांनीच बसवलेत, मला माहीत नाही का? पण लोकांना नळ बघायचे नाहीत."

"मग मी बसू कुठे?"

"आता कशाला बसता? एवढी वर्षं बसलात."

उलटराव तडक ऑफिसात गेले. तिथे टूरचं सगळं एक मॅडम बघत. त्या तरुण होत्या, हुशार होत्या आणि बोलताना मान वर करत नसत.

"मॅडम, ती खिडकीची गोष्ट खोटी आहे. मी रचली."

"छान रचलीत."

"ती आता बंद करतो. माझ्या बहिणीची खोली जातेय."

"अरेरे." मॅडमनी खरोखरच हळहळत कॉम्प्युटरचा पडदा त्यांच्याकडे वळवला. "पण हे बघा. लोक आपल्याला पाचपैकी चार पॉइंट नऊ देतात. कशाबद्दल? किल्ल्याबद्दल? किल्ला पडलाय, उलटराव. तुम्ही नाही सांगितलीत, तर दुसरा गाइड सांगेल. त्याला सरळ चालता येतं, एवढाच तोटा."

आता उलटरावांनी ठरवलं, लोकांनाच खरं सांगायचं. गोष्ट मेली की मालकाचं तिकीट मेलं. ताईला त्यांनी बजावलं, "उद्या उसासा नाही. काम करत बस."

दुसऱ्या दिवशी चौकात त्यांनी छत्री मिटली. सव्वीस वर्षांत पहिल्यांदा.

"मंडळी, पत्रकात छापलंय ते खोटं आहे. ती माझी सख्खी बहीण. नवरा प्लंबर होता, हृदयविकाराने गेला. घड्याळ उशिरा वाजतं, कारण त्याला कोणी तेल घालत नाही."

खिडकीत ताई सुईत दोरा ओवत होती, आणि ओवला जात नसल्यामुळे तिच्या डोळ्यांतून पाणी येत होतं. ग्रुपमध्ये एक निवृत्त मुख्याध्यापिका होत्या. त्यांनी खिडकीकडे पाहिलं, उलटरावांकडे पाहिलं आणि हळूच त्यांची बाही धरली.

"समजलं हो. लोकांसमोर बहीण म्हणायचं, आणि रोज येऊन लांबून बघायचं. किती वर्षं झाली?"

"कशाला किती वर्षं झाली?"

"तिला सांगितलंत कधी?"

"बाई, ती माझी बहीण आहे हो! नाक बघा, नाक सारखं आहे!"

"लपवू नका," मुख्याध्यापिका म्हणाल्या आणि रडायला लागल्या. बाकीच्या सात जणांनी टाळ्या वाजवल्या. कोंबडा बाहेर आला, पण कोणी वर बघितलं नाही.

शुक्रवारी मॅडमनी बोलावलं. "उलटराव, कमाल केलीत! ते 'खोटं आहे' म्हणता ना, तो भाग आता रोज घ्या. फक्त प्लंबर काढा."

उलटरावांनी प्लंबर काढला नाही. रोज अकराला ते घसा ताणून खरं सांगत, भाऊजींच्या पान्याचं मापही सांगत, आणि रोज आठ माणसं त्यांच्याकडे इतक्या मायेने बघत की त्यांचं बोलणं अर्ध्यावर थांबे. जितकं खरं सांगावं तितका तो कप्तान ठणठणीत होत चालला. काही ग्रुप तर जाताना त्यांच्या पाठीवर थोपटत, म्हणजे त्यासाठी त्यांना वळसा घालून मागे जावं लागे.

तिसऱ्या महिन्यात भावंडांनी सामान बांधायला घेतलं. सामान ते किती! खुर्ची, दोन ट्रंका, सुयांचा डबा, भाऊजींची पान्यांची पिशवी. ताई मुकाट्याने कपबशा कागदात गुंडाळत होती.

"ताई, दोन शिव्या तरी घाल."

"कशाला? लहानपणीसुद्धा दोन मिनिटं गप्प बसवत नव्हतं तुला." तिने एक बशी उजेडात धरून पुसली. "उसासे तर मीच टाकले ना? बरं, मला सांग, तुझ्या घरी उजेड किती वाजता येतो?"

उलटरावांना सांगता येईना. त्या वेळात ते सव्वीस वर्षं घरी कधी नव्हतेच. दुसऱ्या दिवशी रजा टाकून ते आपल्या मागच्या खोलीत खुर्ची मांडून बसले. खिडकीसमोर गोदामाची भिंत होती. बाराच्या सुमारास भिंतीवर थोडं पिवळं आलं आणि पाऊण कप चहा होईतो गेलं.

"येतो," त्यांनी ताईला सांगितलं. "बराच येतो."

चौकात रोज आठ अनोळखी माणसांना पटवणाऱ्या त्या गृहस्थाकडे ताईने एकदा बघितलं आणि ट्रंकेचं झाकण लावलं. "बल्ब जरा मोठा आण," ती म्हणाली.

खिडकीत आता कापडाची एक बाहुली बसते. तिच्या अंगावर ताईचा विसरलेला स्वेटर आहे. भिंतीवरचा टोपीवाला कप्तान म्हणजे मालकाचे काका, ते बेकरीत होते. फुटपाथवर मालकाने तिकिटाची पाटी उभी केली. ती उलटरावांच्या पाठीला माहीत नव्हती, त्यामुळे पहिल्या आठवड्यात ते तीनदा तिच्यावर आदळले. मग सवय झाली. ताईने काळे कोट शिंप्यांना परत केले. काजं आता ती करत नाही.

मार्चमध्ये नगरपालिकेने उलटरावांचा नववा अर्ज मंजूर केला आणि घड्याळाला तेल घातलं. कोंबडा आता बरोबर अकराला बाहेर येतो.