आबांच्या पेटीबरोबर पठाणकोटपर्यंत

जानेवारी १९९८. कोल्हापूर स्टेशनवर आम्हाला निरोप द्यायला गावाकडून सहा माणसं आली होती. आम्हाला म्हणजे मला आणि आबांच्या पेटीला. गाडी हलली तेव्हा सहाही जणांनी पेटीकडे बघून हात हलवला.

पेटी काळी, लोखंडी, फौजेतल्या माणसाची असते तशी. आबा, म्हणजे माझे वडील, दिवाळीच्या रजेवर आले तेव्हा तिची कडी तुटली होती. "कडी बदल, नाव नवं घालून घे आणि आणून दे," एवढं सांगून ते वळकटी घेऊन पठाणकोटला परत गेले. मी त्याच वर्षी बी.ए. झालो होतो. घराण्यात पहिलाच पदवीधर, आणि मोकळा. त्यामुळे हे काम माझ्याकडे आलं.

आबा तेव्हा सुभेदार होते. शिपाई म्हणून भरती झालेल्या माणसाला त्याच्यावर एकच पायरी उरते, सुभेदार मेजर. पलटणीत तो एकच असतो. त्या जागेसाठी आबांचं आणि आणखी एका सुभेदारांचं नाव वर गेलं होतं. झाले तर चार वर्षं नोकरी वाढणार होती आणि सगळी पलटण त्यांचा शब्द झेलणार होती. नाही झाले तर मार्चमध्ये घरी.

शाहूपुरीतल्या पेंटरने ब्रश बुडवून विचारलं, "हुद्दा काय लिवू?"

"सुभेदार," मी म्हणालो.

"म्हैन्याभरात मेजर व्हायचं हाईत की," आई म्हणाली.

"मग मावशी, दोनदा रंग कशाला?" पेंटर म्हणाला. "पेटी पोचंस्तवर झालं असत्याल. तिकडं पंजाबात पुन्यांदा पेंटर कुठनं हुडकणार?"

त्याचं म्हणणं बिनतोड होतं. पदवीधर म्हणून मी फक्त 'सुभेदार मेजर' ही अक्षरं तपासली. अक्षरं बरोबर होती.

पुण्याला गाडी बदलली. जम्मूला जाणारी ही गाडी रजेवरून परतणाऱ्या जवानांनी भरलेली असते. डब्यात पाय ठेवायला जागा नव्हती. पण पेटी दारात दिसताच कागलकडचे, नाईक हुद्द्याचे एक जवान उठले. "सरका रं. साहेबांची पेटी हाय," ते म्हणाले. दोन जवानांनी आपल्या वळकट्या काढून पेटीला खिडकीजवळ जागा दिली. मला जागा दिली नाही, कारण मी साहेब नव्हतो. भुसावळपर्यंत मी पेटीजवळ उभा होतो.

सकाळी आईने दिलेलं फडकं सोडलं. बाजरीचे धपाटे, कांदा-लसूण चटणी आणि शेंगदाण्याचं कूट. नाईकांनी एक धपाटा खाल्ला, डोळे पुसले आणि म्हणाले, "दोन म्हैनं आता हे तोंडाला लागणार न्हाय." मग त्यांनी आपल्या डब्यातला लाडू दिला. पुढे इटारसीला चहा घेतला. तो चहा गरम होता, याशिवाय त्याच्याबद्दल लिहिण्यासारखं काही नाही.

भोपाळ गेल्यावर नाईकांनी विचारलं, "साहेब कवा झालं मेजर?"

"निकाल याच आठवड्यात आहे," मी सांगितलं.

नाईकांनी पेटीवरची अक्षरं पुन्हा वाचली.

"म्हंजे अजून झालं न्हाईत?"

"होतील."

"पावणं, तुमी शिकलेलं दिसता," ते म्हणाले. "फौजेत न मिळालेला हुद्दा लावायचा नसतोय. लावणाऱ्याला साहेबापुढं उभा करत्यात. आणि त्या जागेवर डोळा असलेल्या दुसऱ्याच्या माणसांनी हे बघितलं तर? म्हणत्याल, सुभेदारानं आधीच रंगवून ठेवलंय."

मी म्हणालो की रंग आम्ही दिला आहे, आबांना माहीतही नाही.

"पेटी कुणाची हाय?" नाईकांनी विचारलं.

मी अंथरुणातली वाकळ (जुन्या लुगड्यांची गोधडी) काढून पेटीवर घातली. जानेवारीतल्या उत्तरेत पुढचा सगळा प्रवास पेटी वाकळ पांघरून झोपली आणि मी बसून कुडकुडलो. दिल्ली मला नीट दिसली नाही, दातावर दात आपटत होते.

तिसऱ्या दिवशी सकाळी पंजाब दिसला. पिवळी मोहरी, सपाट रान, मध्येच ऊस. ऊस आमच्या शिरोळच्या उसापेक्षा बारीक होता. एरवी मला याचं समाधान वाटलं असतं. पठाणकोटला नाईकांनी पेटी उतरवायला हात लावला. "वाकळ काढू नका," एवढंच ते म्हणाले.

वाकळ मी काढली नाही, पलटणीच्या फाटकावरच्या पहारेकऱ्याने काढली. ते त्याचं कामच होतं. त्याने झाकण वाचलं, ताठ झाला आणि आत निरोप पाठवला, "सुभेदार मेजर साहब का बक्सा आया है."

पलटणीत सुभेदार मेजर आधीच होते. महिनाअखेर ते निवृत्त होणार होते. स्वतःची न मागवलेली पेटी बघायला ते स्वतः आले. कराडकडचे, पांढऱ्या मिशांचे. मागून आबा आले. आबांनी मला पाहिलं, मग पेटी पाहिली, आणि परत माझ्याकडे पाहिलं नाही.

"सुभेदार," साहेब म्हणाले, "ही पेटी माझी न्हवं."

आबा टाचा जुळवून उभे राहिले. "माझी हाय साहेब. चूक घरच्यांची, जबाबदारी माझी."

साहेबांनी मला विचारलं, "तू काय शिकलायस?"

"बी.ए."

"बरं," ते म्हणाले. मग आबांना म्हणाले, "दिवस मावळायच्या आत हा हुद्दा उतरवा."

खोलीत आल्यावर आबांनी रॉकेलची बाटली, पॉलिश पेपर आणि एक जुनं पातं माझ्यापुढे ठेवलं. "हुद्द्याची ओळ तेवढी घास. नाव आणि गाव ऱ्हाऊ दे."

मी घासायला लागलो. सुभेदार मेजर अर्ध्या तासात गेले. खालून सुभेदार निघालं.

"इथं थांबू?" मी विचारलं.

"अर्धवट घासलेलं चांगलं दिसत न्हाय. घास."

नायब सुभेदार निघालं. "हे कुठं झालात आबा?"

"राजस्थानात. पाणी न्हवतं."

हवालदार निघालं. "सिक्कीम. थंडी हुती."

नाईक निघालं. त्यावर आबा जरा थांबले. "तवा तू झालास. तार आठ दिवसांनी मिळाली."

मग लान्स नाईक, आणि तळाशी वेड्यावाकड्या अक्षरांत शिपाई. ते पेंटरचं नव्हतं, आबांनीच काडीने लिहिलेलं होतं. ते पुसायला माझा हात होईना. आबांनी पातं घेतलं आणि तेही काढलं. खाली नुसता पत्रा राहिला.

माझ्या शाळेच्या फीच्या मनीऑर्डरी हवालदार असताना आल्या होत्या. कॉलेज नायब सुभेदार आणि सुभेदार यांच्या दरम्यान कुठेतरी होतं. ते सगळं रॉकेलमध्ये भिजून माझ्या हातातल्या चिंधीला लागलं होतं.

दोन दिवसांनी निकाल आला. आबा बाहेरून आले, हात धुतले आणि म्हणाले, "त्यांचं झालं."

मला राहवलं नाही. "पेटीमुळं?"

"न्हाय. कागद वरनं आला, पेटी यायच्या आधी निघालेला." ते टॉवेल घडी करत होते. "पहिला राम राम मीच घातला त्यांना. चांगला माणूस हाय." टॉवेलाची घडी त्यांनी दोनदा मोडून केली.

त्या दिवशी लंगरात (फौजेतलं स्वयंपाकघर) मुळ्याचे पराठे आणि लोणी होतं. आबांनी रोजच्याएवढे खाल्ले. मला मात्र एकच गेला.

निघताना त्यांनी गरम कपडे पेटीत भरले. "ही परत ने. आता हिला इथं काम न्हाय. मार्चात मी पिशवी घिऊन येतो."

परतीच्या गाडीत पेटीला कुणी जागा दिली नाही. ती दाराजवळ ठेवली आणि मी तिच्यावर बसलो. जन्मात पहिल्यांदा. लहानपणी तिला पाय लागला तरी आई पाया पडायला लावायची. शेजारच्या जवानाने झाकणावरचा कोरा पट्टा पाहून विचारलं, "कौन-से रैंक के हैं?"

मी त्याला शिपायापासून सुभेदारापर्यंत सगळे हुद्दे क्रमाने सांगितले. तिथेच थांबलो. त्याने मान हलवली आणि उठून मला चहा आणून दिला.

प्रवासाला निघताना मला वाटत होतं की आबांचा हुद्दा मला ठाऊक आहे. तो पेटीवर लिहिलेला असायचा आणि दर काही वर्षांनी बदलायचा. त्याच्या खाली काय आहे हे बघायला मला पठाणकोटला जावं लागलं, आणि बघितलं तेव्हा ते माझ्याच हाताने घासलं जात होतं.

घरी आईने दारातच झाकणावर हात फिरवला. पत्रा गार होता. निकाल तिला फोनवरून कळला होता.

"पेंटरकडं न्यायची का?" मी विचारलं. "सुभेदार घालून आणतो."

तिने खाली उरलेली ओळ वाचली. नाव, गाव, तालुका शिरोळ.

"ऱ्हाऊ दे," ती म्हणाली. "यायचा पत्ता बरोबर हाय."