तीस गुण आणि भाऊंच्या पाण्याच्या पाळ्या

पुढच्या सोमवारपासून मी डॉक्टर राहणार नाही, हे मला बायकोने आमटी वाढताना सांगितलं.

मेधा विजेचं बिल शोधत होती. त्याच खणात तिला माझं नोंदणीचं प्रमाणपत्र सापडलं. "अहो, यावरची मुदत या रविवारी संपतेय," ती म्हणाली. "भात घेताय ना?"

आम्हा डॉक्टरांना दर पाच वर्षांनी नोंदणीचं नूतनीकरण करावं लागतं. त्यासाठी व्याख्यानांना बसून तीस गुण जमवायचे असतात. (बसणं महत्त्वाचं. झोप लागली तरी गुण मिळतात, हे अनुभवाने सांगतो.) मुदत टळली तर बोईसरच्या माझ्या दवाखान्याला कुलूप. मग कारखान्यातला कामगार तापाने फणफणत आला तरी मी त्याला फक्त शुभेच्छा देऊ शकणार.

तरीही मी शांत होतो. पाच वर्षांची बारा प्रमाणपत्रं मी निळ्या फाइलीत नीट ठेवली होती. जेवण झाल्यावर फाइल काढली. ती हलकी लागली. उघडली तर आत एक सुपारी होती.

आमच्या घरात सुपारी म्हणजे भाऊ. भाऊ माझे वडील, वय एक्याऐंशी. केळव्यात आमचं घर आणि सुपारीची वाडी आहे, आणि शेजारच्या वाड्यांसह साऱ्यांची मिळून एक विहीर आहे. त्या विहिरीचं पाणी कोणी कधी घ्यायचं हे भाऊ ठरवतात.

"भाऊ, यातले कागद कुठे गेले?"

"वापरले. पाण्याच्या पाळ्या लिवायला. जाड कागद हाय, दमट हवेत टिकतो. मागची बाजू कोरीच होती."

"पुढची वाचली नाहीत?"

"वाचली ना. 'उपस्थित होते' असं लिवलंय. तू उपस्थित होतास, विषय संपला. आता त्याचं काय करायचंय?"

बारा वाडीवाल्यांकडे माझी बारा प्रमाणपत्रं गेली होती.

दुसऱ्या दिवशी दवाखाना बंद ठेवून मी वसुलीला निघालो. पहिलं घर कमळाकरकाकांचं. त्यांनी कागद चक्क लॅमिनेट करून स्वयंपाकघरात टांगला होता. एका बाजूला 'मधुमेही रुग्णाच्या पायांची निगा', दुसऱ्या बाजूला 'कमळाकर, मंगळ-शुक्र, सहा ते आठ'.

"काका, हा मला परत हवाय."

"आणि माझी पाळी? यावर भाऊंची सही हाय. उद्या शेजारी म्हणाला, तुझी पाळीच नाय, तर मी काय दाखवू?"

मी खिशातून औषधं लिहायचा कागद काढला, त्यावर त्यांची पाळी लिहून दिली आणि खाली शिक्काही मारला. काका खूश झाले. मला ही युक्ती फारच आवडली. संध्याकाळपर्यंत मी दहा घरांत दहा पाळ्या लिहून दिल्या आणि माझी प्रमाणपत्रं सोडवून आणली.

अकरावं घर हिरूकाकूंचं. त्यांनी कागद भाताच्या पेजेने पंपाच्या खोलीच्या दाराला चिकटवला होता. पाळी बाहेर, मी आत. अर्धा तास ओलं फडकं लावून मी तो अलगद सोडवला. कागद निघाला, पण माझं नाव दारावरच राहिलं, तेही उलटं.

"राहू दे, अरुण," काकू म्हणाल्या. "कोणी इचारलं तर सांगेन, डॉक्टर येऊन गेला."

हातातला कागद आता एवढंच सांगत होता की कोणीतरी उपस्थित होतं. बारावा कागद वाऱ्याने उडाल्याचं समजलं. त्याच्यामागे धावण्याचं माझं वय राहिलेलं नाही.

गुरुवारी सकाळी मी दात घासत असताना ओटीवर आवाज चढले. चार वाडीवाले आले होते. माझ्या अक्षरातला 'दहा' एकाने 'सहा' वाचला होता, दुसऱ्याने 'मंगळ'चा 'गुरू' केला होता. तिघांनी एकाच वेळी पाणी घेतलं, आणि चौथा कोरडाच राहिला. त्यांतले कमळाकरकाका तर माझा कागद घेऊन औषधांच्या दुकानात वाचून घ्यायला गेले होते.

"दुकानदार काय म्हणाला?" मी विचारलं.

"म्हणाला, जेवणानंतर घ्या."

भाऊंनी माझ्याकडे पाहिलं. आत जाऊन चष्मा घेऊन आले आणि सगळ्या पाळ्या पुन्हा लिहायला बसले. या खेपेला मेधाने त्यांना कोरी वही दिली. ती घरात होतीच.

शनिवारी मी उरलेली इज्जत आणि अकरा कागद घेऊन बोईसर स्टेशनबाहेर रेखाताईंच्या दुकानात गेलो. त्या लोकांचे अर्ज ऑनलाइन भरून देतात. मला नोंदणीच्या खात्याचा पासवर्ड आठवत नव्हता. नवा घ्यायचा तर खातरजमेचा आकडा मेधाच्या फोनवर येणार, आणि मेधा पालघरला शाळेत शिकवत होती. मधली सुट्टी होईपर्यंत रेखाताई माझे कागद स्कॅन करत बसल्या.

"डॉक्टर, यातली कुठली बाजू टाकू? पायांची निगा का कमळाकर?"

अखेर मेधाचा फोन आला, आकडा मिळाला, माझं खातं उघडलं. रेखाताई पडद्याकडे बघत राहिल्या.

"डॉक्टर, तुमचे छत्तीस गुण इथे आधीच भरलेत."

"कोणी भरले?"

"व्याख्यान ठेवणारेच भरतात ना हल्ली. कागद कोणी मागतच नाय." मग हलक्या आवाजात म्हणाल्या, "तुमी कधी उघडून बघितलंच नाय का?"

माझ्यामागे रांगेत उभा असलेला माणूस माझाच पेशंट होता. त्याने सभ्यपणे दुसरीकडे पाहिलं.

अर्ज पाच मिनिटांत गेला. मंजुरी मंगळवारी आली, म्हणजे एक सोमवार मी खरोखरच डॉक्टर नव्हतो. त्या दिवशी मी घरी बसून होतो. भाऊ सुपाऱ्या निवडत होते.

"काम झालं का?" त्यांनी विचारलं.

"झालं. अर्ज गेला."

"कागद लागले?"

आठवडाभर मी या माणसावर धुमसत होतो. खरं सांगायचं धैर्य मला झालं नाही.

"लागले," मी म्हणालो.

"बघ," भाऊ म्हणाले. "म्हणून मी मागच्याच बाजूला लिवलं होतं."

मी त्यांचे आभार मानले.